रेणूला घर मिळणार होतं

हे मी आजवर कुणाला सांगितलेलं नाही. देवालाही नाही — तिथे हात जोडते आणि भलतंच काही बोलत राहते.

येरवड्याच्या एका बालगृहात मी मुली सांभाळायचे. रेणू आली तेव्हा पाच वर्षांची. आईवडील अपघातात गेलेले. बोलायची कमी, चित्रं काढायची. कुठल्याशा कंपनीतून रद्दी यायची, कडेला भोकं असलेले कंप्युटरचे कागद, त्यांच्या कोऱ्या बाजूवर. एकदा मला काढलं, भाकरी थापताना. मनगटावरचा भाजल्याचा डागसुद्धा सोडला नव्हता. इतकं निरखून मला आधी कुणी पाहिलं होतं? मूल होत नाही म्हणून नवऱ्याने टाकलेली बाई मी. पण ती सबब नको.

ती नऊ वर्षांची असताना खराडीचं एक जोडपं आलं. दोघंही सॉफ्टवेअरमध्ये. एवढ्या मोठ्या मुलीला सहसा कुणी विचारत नाही. यांनी चित्रं पाहिली आणि विचारलं. बाई तर फरशीवर मांडी घालून तिच्यासोबत रंगवत बसल्या. तीन वेळा आले. रेणूने आपले कपडे पेटीत भरून ठेवले.

चौथ्या वेळी आमच्या संस्थेच्या मॅडम आत फोनवर होत्या. मी चहा घेऊन गेले. आणि — कसं लिहू? — हळूच म्हणाले, "ताई, आपण चांगली माणसं, म्हणून सांगते. पोरीला फिट्स येतात. फाईलमध्ये घातलेलं नाही."

फिट्स कसल्या? धडधाकट होती पोर.

बाईंनी कप खाली ठेवला. "मॅडमना विचारू?"

"विचारा. माझी नोकरी जाईल, एवढंच."

त्यांनी विचारलं नाही. खरंच चांगली माणसं होती. पुन्हा आली नाहीत.

पंधरा दिवसांनी रेणूने पेटी उघडली, कपडे परत फळीवर ठेवले. "मावशी, माझी चित्रं आवडली नाहीत का त्यांना?"

"नसतील आवडली," मी म्हणाले. दुसरं काहीही म्हणता आलं असतं — नाही का? त्यानंतर तिने पेन्सिल धरली ती फक्त अभ्यासापुरती.

अठराव्या वर्षी संस्था सोडावी लागली, तेव्हा मी तिला वारज्याला माझ्या खोलीवर आणलं. लोक म्हणाले, केवढं मन! आता ती कॉल सेंटरमध्ये जाते. ऑफिसच्या फॉर्मवर आई म्हणून माझं नाव लिहिलंय.

गेल्या रविवारी जेवता जेवता म्हणाली, "मावशी, तू नसतीस तर मला कोण होतं गं?"

कोण होतं, ते मला माहीत होतं. मी तिच्या ताटात आणखी भात वाढला.