मुनाफभाईंची कात्री

आमचे मुनाफभाई आखातात, गुदैबियातल्या व्हिडिओच्या दुकानात सिनेमे कापायचे. हो, कापायचेच! चुंबन आलं की तेवढी फीत कात्रीनं उडवायची आणि जोड चिकटवायचा, असा मालकाचा हुकूम. मारामारीला मुभा. त्यामुळे त्यांच्या हातून सुटलेल्या सिनेमात प्रेम औषधालाही नसे, नुसता रक्ताचा सडा.

स्पॅनिश रडके सिनेमे त्यांच्या खास आवडीचे. "तिकडं हुकूमशहा होता तोवरचे सिनेमे बरे," ते उसासत. "तिकडचाच सेन्सॉर सगळं कापून टाकी. हुकूमशहा मेला, लोकशाही आली नि माझी बोटं झिजली!"

शहाण्णव साली असाच एक सिनेमा आला. नवरा बायकोला पट्ट्यानं फोडून काढतो, केसांना धरून फरपटवतो. शेवटी ती त्याच्या डोक्यात बाटली घालते, घराबाहेर पडते आणि जिन्यावर वाट पाहणाऱ्या प्रियकराचं चुंबन घेते. मुनाफभाईंनी कंटाळून पार बाटलीपासून शेवटापर्यंतच कात्री लावली.

ती कॅसेट आमच्याच इमारतीत मुनाफभाईंच्या वरच्या मजल्यावर राहणाऱ्या शरीफुन्निसानं नेली. परत आणली तेव्हा तिचा ओठ फाटलेला. तिचा नवरा हाशिम तिला बडवतो, हे भिंतींनाही पाठ होतं.

"मुनाफभाई, ती बाई मेली काय हो?"

"नाय गो बाय. निघून जाते."

"उगाच समजूत नका काढू. जमिनीवर पडते नि खलास. बघितलंय मी."

कापलेले तुकडे मुनाफभाई घरी बिस्किटांच्या डब्यात ठेवत. त्यातला शेवट शोधून त्यांनी चुंबनासकट चिकटवायला घेतला.

"पकडलं तर व्हिसा जाईल," त्यांची बायको जुबैदा म्हणाली. मग चष्मा पुढं करत, "जोड नीट लावा. बाटलीवर अडकायला नको."

कॅसेट पुन्हा वर गेली. त्या संध्याकाळी सरकारविरुद्धच्या दंगलीत रस्त्यावर टायर जळत होते. वर काहीतरी फुटलं, तेव्हा आम्हांला दगडफेकच वाटली. तोच शरीफुन्निसा पिशवी घेऊन मुनाफभाईंच्या घरात शिरली. मागोमाग हाशिम, कपाळातून रक्ताची धार, हातात पट्टा.

चिमणीएवढे मुनाफभाई दारात आडवे उभे राहिले. पट्ट्याच्या बक्कलानं त्यांचे पुढचे दोन दात पाडले. मागून जुबैदाचा तवा आला आणि हाशिम जिन्यावरून खालपर्यंत गडगडत गेला.

जुबैदानं कडी घातली. "गावच्या विमानात बसेपर्यंत इथंच ऱ्हायचं," ती शरीफुन्निसाला म्हणाली.

मुनाफभाई रुमालात रक्त थुंकत बोबडे बोलले, "शेवट अजून बाकी हाय गो. जिन्यावर तो प्रियकर असतो."

शरीफुन्निसानं फुटका ओठ पुसला.

"तेवढा कापा, मुनाफभाई."