पडद्यापलीकडचं तोंड

आमच्या दौंडच्या मामांइतकी माणसं होऊन गेलेला दुसरा माणूस अख्ख्या पुणे जिल्ह्यात झाला नाही, हे मी पैजेवर सांगतो. नोकरी रेल्वेच्या इंजिनशेडमध्ये, जीव नाटकात. भूमिका मिळाली की आठ दिवस आधीपासून ते घरीदारी तेच होऊन राहत. राणी झाले तेव्हा फोरमनला म्हणाले, "राणी कोळसा उचलत नसती, सायेब." आंधळा व्हायचं होतं तेव्हा डोळे मिटून आमच्याकडे शिरूरला निघाले आणि भलत्याच यष्टीनं पाटसला पोचले. वर अभिमानानं सांगतात काय, तर "पाटस आलं त्ये मला दिसलंच न्हाई!" मामी बिचारी रोज सकाळी विचारायची, "आज कुणासाठी भाकरी थापू?"

अशात वरवंडजवळ सिनेमावाले आले. लेकीची गाडी सासरी निघालीय आणि बाप बांधावर उभा आहे, एवढंच काम मामांना मिळालं. त्यांनी तो बाप गावभर करून दाखवला. मामी वैतागून म्हणाली, "पडद्यावर तुमचं त्वांड दिसलं तर खुशाल नाटकं करा. न्हाई दिसलं तर ती रंगाची पेटी घोडनदीत सोडायची." मामांनी शब्द दिला खरा, पण मला बाजूला घेऊन म्हणाले, "पेटी गेली तर मी मेलो रे!"

शिरूरला नदीकाठी तंबूत सिनेमा लागला, तेव्हा मामी रंगाची पेटी सोबत घेऊनच आली. मधोमध सिनेमाचा कापडी पडदा, चित्र दोन्हीकडून दिसायचं; अलीकडे पुरुष, पलीकडे बायका. मामांचा प्रसंग आला आणि बघतो तर काय, नुसती पाठ! पाठ पागोटं काढते, डोळे पुसते, संपलं. "त्वांड पल्याडनं दिसत आसंल!" कुणीतरी ओरडला, आणि अहो, निम्मा तंबू उठून पडद्यामागं धावला. तिकडेही पाठच! असा गलका झाला की मालकानं रीळ पुन्हा लावलं.

पाठ परत दिसली तेव्हा तिला पाठ टेकून, बायकांकडे तोंड करून, मामा स्वतः उभे होते. पडद्यावरच्या हाताबरोबर त्यांचा हात उठला, पागोटं उतरलं. मामी संतापून कंदील घेऊन पुढं झाली, आणि उजेड त्यांच्या तोंडावर पडला तशी थबकली. मामा कुणीच झाले नव्हते. डोळ्यांतून घळाघळा पाणी वाहत होतं.

"आपल्या लेकीला, आक्कीला, सासरी धाडली तवा ह्येच त्वांड व्हतं," मामी म्हणाली. मग बायांकडे वळून मोठ्यांदा, "त्यो माझा मालक हाय! बघा समद्याजणी!" तंबू शिट्ट्यांनी दणाणला. लोकांनी मामांना खांद्यावर घेऊन बाजारपेठेतून मिरवलं आणि पुढं रंगाची पेटी डोक्यावर घेऊन चालली होती ती मामी!

मामा जाऊनही आता बरीच वर्षं झाली. मध्यंतरी दौंडच्या पक्क्या थेटरात तोच सिनेमा पुन्हा आला, म्हणून मामीला घेऊन गेलो. पाठ दिसताच ती उठली आणि पदर सावरत पडद्याकडे निघाली. मी हात धरला. "मामी, पलीकडं जाता येत नाही. भिंत आहे तिथं."

मामीनं पडद्यावरच्या पाठीकडे बोट केलं.

"मंग त्यांनी उभं कुठं ऱ्हायाचं रं?"