आक्कांच्या नेमातली साखर

मी आयुष्यात एकच पदार्थ असा केला की ज्याचं लातूरच्या आमच्या गल्लीत आठवडाभर नाव निघालं. तो पदार्थ इटलीचा होता, आणि त्याची मला अजून लाज वाटते. तो बिघडला असता तर बरं झालं असतं. पण तो चांगला झाला.

ते दुष्काळाचं वर्ष. नळ नुसता भिंतीला लावायचा म्हणून होता. टँकरचा आवाज आला की बायका तव्यावर पोळी तशीच टाकून घागरी घेऊन पळायच्या. त्या वर्षी करपलेली पोळी सगळे नावं न ठेवता खायचे. पावसासाठी घराघरात कुणी ना कुणी काहीतरी सोडलं होतं. शेजारणीनं चहा सोडला. समोरच्या आजोबांनी तंबाखू सोडली आणि त्या तिरमिरीत घरच्यांशी बोलणंही सोडलं. आमच्या घरात आक्कांनी गोड सोडलं.

आक्का म्हणजे माझ्या नवऱ्याची थोरली बहीण. उदगीरकडे दिलेली. नवरा लवकर गेला आणि त्या माहेरी परत आल्या, ते वर्ष लातूर नवा जिल्हा झाल्याचं. त्यामुळे आमच्या घरात कुठलीही गोष्ट एकतर 'जिल्हा व्हायच्या आधीची' असते नाहीतर 'जिल्हा झाल्यावरची'. नव्या कचेऱ्यांत बदलून आलेल्या साहेबांच्या बायका दिवाळीला आक्कांकडून करंज्या करून न्यायच्या. मी जिल्हा झाल्यावरची सून. आले तेव्हा घरात करंजीचं राज्य पक्कं बसलेलं होतं. माझी पहिली करंजी तेलात उलली तेव्हा आक्का कढईत बघत म्हणाल्या होत्या, "नांदेडची हाय. गोदावरीकाठची माणसं. सगळं वाहून जाऊ देतेत." पंचवीस वर्षं झाली या गोष्टीला. मला अजून पाठ आहे, यावरून मी कशी बाई आहे ते समजून घ्या.

आक्कांचा नेम कडक. साखर नाही, गूळ नाही, काकवी नाही. फळ तेवढं चालेल. संक्रांतीला दारात आलेला तिळगूळसुद्धा त्यांनी कपाळाला लावून परत दिला.

संक्रांत झाली आणि चारच दिवसांनी पुण्याहून माझ्या लेकीचा फोन आला. दिवस गेल्याचं तिनं दिवाळीतच कळवलं होतं. याआधी दोनदा मध्येच सगळं संपलं होतं, म्हणून या खेपेला डॉक्टरांनी तिला अंथरुणावरून उठू नको असंच सांगितलं होतं. आम्हीही घराबाहेर कुणाला कळू दिलं नव्हतं. लग्नानंतर दोन वर्षं ती नवऱ्याच्या नोकरीसाठी इटलीत राहिली होती. तिथं खालच्या मजल्यावरची म्हातारी नाताळात अंजिराचं सारण भरलेली बिस्किटं करायची. आता हिला डोहाळे लागले ते त्या बिस्किटांचे. चिंचा नाहीत, कैऱ्या नाहीत.

"आई, कुच्चिदाती म्हणतात त्याला. सोपं आहे गं. आपली करंजीच, फक्त तळायची नाही, भाजायची."

करंजी म्हटल्यावर मला ती तेलात उललेली आठवली. पण पोरीनं आयुष्यात पहिल्यांदा आक्कांना सोडून माझ्याकडे काही मागितलं होतं. मी लगेच हो म्हटलं.

अंजीर नांदेडहून भावानं पाठवले, गुरुद्वाऱ्याजवळच्या सुक्यामेव्याच्या दुकानातून, चांगले मऊ. अंजीर, खजूर, मनुका, अक्रोड, संत्र्याची किसलेली साल, दालचिनी, दोन लवंगा, सगळं मिक्सरमधून काढलं. वरच्या पारीला मैदा, लोणी, पिठीसाखर. म्हातारी त्यात अंडं घालायची. आमच्या घरात लिंगपूजा होते, अंड्याचं नावही उंबऱ्याबाहेर. मी दही घातलं. पारी लांब लाटायची, मधोमध सारणाची ओळ घालायची, दोन्हीकडून दुमडायची आणि दोन-दोन बोटांचे तुकडे कापून ओव्हनमध्ये लावायचे. तळण नाही म्हणजे कढई घासायला पाणी नाही, हे बघून आक्कासुद्धा म्हणाल्या, "हे बरं हाय. इटलीत बी दुष्काळ पडत असंल."

लेकीच्या डब्यात भरण्याआधी त्या बिस्किटांवर आक्कांची मोहोर उमटावी, ही माझी हौस. 'चांगलं झालंय' एवढं त्यांच्या तोंडून ऐकायचं होतं. पण साखरेचा नेम! मी म्हटलं, "आक्का, तुमच्यासाठी बिनसाखरेचा वेगळा घाणा करते. सारणात नुसतं फळच आहे."

केलाही. खोटं नाही सांगत. पारीतून साखर काढली तर ती बिस्किटं भाजल्यावर अशी निघाली की एक हातातून पडलं आणि फरशीवर वाजलं. चव म्हणाल तर खारी विरघळायला विसरली तर कशी लागेल तशी. ताट घेऊन मी आक्कांसमोर जायला निघाले आणि दारातूनच परत फिरले. पंचवीस वर्षांनी एक संधी आली होती आणि ती मी दगडं वाढून घालवणार होते. मी साखरेच्या घाण्यातली तीन बिस्किटं उचलली. वरचा साखरेचा पाक लावायचा बाकी होता, त्यामुळे दिसायला दोन्ही सारखीच.

आक्कांनी एक खाल्लं. थांबल्या. "साखर न्हाई म्हणतीस?"

"अंजिराची गोडी आहे ती, आक्का."

"फळ लई गोड हाय मंग." दुसरं खाल्लं. तिसरं खाताना डोळे मिटले. दोन महिने ज्या बाईच्या जिभेवर साखरेचा कण नव्हता तिला ती चव कशी लागली असेल, हे मला आता कळतं. तेव्हा मी फक्त त्यांच्या तोंडाकडे बघत उभी होते, परीक्षेचा निकाल लागावा तशी.

"चांगलं साधलंय," आक्का म्हणाल्या. "पोरीला पाठव."

मी हवेत. पण आक्का तेवढ्यावर थांबल्या नाहीत. टँकरच्या रांगेत त्यांनी सगळ्यांना सांगितलं, की आमच्या हिनं साखरेबिगर असं गोड केलंय की विचारू नका. संध्याकाळी कोपऱ्यावरचे निवृत्त गुरुजी दारात. त्यांना मधुमेह. "वहिनी, दोन मिळतील का बिनसाखरेची?" त्यांना मी खरी बिनसाखरेची दिली. चार दिवसांनी भेटले तेव्हा गालावर हात होता. "चव आहे," म्हणाले, "पण आक्कांचे दात म्हणजे दात हं!"

यावर मी हसले. घरी येऊन नवऱ्यालाही सांगून हसवलं, अर्थात निम्मीच गोष्ट. पावसाचा नेम आहे, मी मनाशी म्हणत होते, पाऊस काय माझ्या तीन बिस्किटांवर अडून बसलाय?

मग उन्हाळ्यात लातुरात रेल्वेनं पाणी आलं. माणसं रुळांकडे बघायला गेली, जणू डब्यातून नवरदेव उतरणार आहे. नवरा पेढे घेऊन आला. मी पहिला पेढा आक्कांपुढे धरला. "घ्या आता. पाणी आलं. नेम फळला."

"पाण्यासाठी कुठं धरलाय मी नेम?"

"मग?"

आक्कांनी माझ्या नवऱ्याला बाहेर जाऊ दिलं आणि आवाज खाली आणला. "दिवाळीत पोरीचा फोन आला न्हाई का, त्याच दिशी धरला. लेकरू नीट हातात येईस्तोवर गोड न्हाई. गळ्यातलं लिंग हातात घिऊन बोलले मी. दोनदा घात झाला पोरीचा. म्हटलं, या बारीला मी बी कायतरी सोडते." आणि मग, थोडं रागावल्यासारखं, "असलं सांगत नसतेत कुणाला. तू विचारलंस म्हणून."

पेढा माझ्या हातात होता. मी तो ताटलीत ठेवला आणि उगाच ताटली पुसत बसले.

मी देवभोळी नाही असं मी स्वतःबद्दल लोकांना सांगत आले आहे. पुढचे दोन महिने मला ते एकदाही म्हणता आलं नाही. लेकीचा फोन वाजला की मी आधी देव्हाऱ्याकडे बघायचे. पोटात जरा दुखतंय म्हणाली, की मला तीन बिस्किटं दिसायची. नवऱ्याला सांगावं तर तो म्हणणार, त्यात काय एवढं. आणि 'त्यात काय एवढं' मला ऐकायचं नव्हतं. आक्कांना सांगावं तर त्या बाळंतपण होईपर्यंत झोपणार नाहीत. असं मी म्हणत होते. खरं म्हणजे मला भीती वाटत होती.

आठव्या महिन्यात डॉक्टरांनी प्रवासाला हो म्हटलं. पहिलं बाळंतपण माहेरी, पण माहेरी पाणी नाही. म्हणून लेकीला नांदेडला, माझ्या भावाकडे आणलं. मी आणि आक्का लातूरहून तिथं गेलो. नळाला रोज पाणी बघून आक्का पहिल्या दिवशी नळापुढं नुसत्याच उभ्या राहिल्या. "गोदावरी हाय बाबा तुमची," म्हणाल्या. यात टोमणा नव्हता. टोमणा असता तर मला बरं वाटलं असतं.

मुलगी झाली. नीट झाली, दोघी सुखरूप. दवाखान्यातून घरी आणल्यावर आक्कांनी सकाळी डिंकाचे लाडू वळायला घेतले. पहिला लाडू बाजूला काढून ठेवला. पूजा करून आल्या, कपाळाला ताजी विभूती, आणि तो लाडू हातात घेऊन माझ्याजवळ बसल्या.

"आता सोडते नेम. सात महिने एक कण न्हाई घेतला बघ जिभंवर. म्हणून लेकरू हातात आलं."

लाडू तोंडाजवळ गेला होता. मी गप्प बसले असते तर सगळं तिथंच मिटलं असतं. पण तो 'एक कण' मला गिळवेना.

"आक्का, संक्रांतीनंतरची ती बिस्किटं... साखरेची होती."

लाडू तिथंच थांबला.

"कंची? इटलीची?"

"हं."

"तू तर वेगळी केली होतीस."

"केली होती. ती लई वाईट झाली. तुम्ही नावं ठेवाल म्हणून..."

बाहेर नळ चालू होता, तो आक्कांनी उठून बंद केला. परत येऊन बसल्या. मला वाटलं, आता ओरडतील. ओरडा हो, मी मनात म्हणत होते.

"नावं ठेवीन म्हणून," त्या म्हणाल्या. एवढंच. मग लाडू डब्यात परत ठेवला आणि झाकण लावलं.

"अहो पण बाळ नीट आलंय ना! आता कशाला..."

"ती त्याची दया. माझं बोलणं माझ्यापाशी राहिलंच की. आजपासून परत नऊ महिने गोड न्हाई."

मी पाया पडायला वाकले तर पाय आत ओढून घेतले. "साकु," म्हणाल्या. पुरे, असं उदगीरकडं म्हणतात.

बाराव्या दिवशी बारसं. पुण्याहून लेकीच्या सासूबाई आल्या होत्या. फार प्रेमळ बाई, आणि हातात कायम काहीतरी खायला. त्यांनी आक्कांपुढं पेढा धरला. सगळ्या बायका म्हणायला लागल्या, घ्या, नात झाली, आज नाही म्हणायचं नाही. नेम सांगितला तर 'अजून का?' असं कुणीतरी विचारणार, आणि मग माझी बिस्किटं भर बारशात पाळण्याभोवती फिरणार.

आक्कांनी हात जोडले. "शुगर निघाली हाय मला."

ज्या बाईला त्रेसष्ट वर्षांत सर्दीखेरीज काही झालं नव्हतं आणि जी खोटं बोललं तर लिंगाला तोंड दाखवत नव्हती, ती माझ्याकडे न बघता शांतपणे हे बोलली. मी त्या वेळी दुसऱ्या पेढ्यावर होते.

सासूबाई हळहळल्या. मुक्कामाला होत्याच. दुसऱ्या दिवशी सकाळी बघते तर त्यांनी स्वतः कारली किसून, पिळून, पेलाभर हिरवा रस काढलेला. "आमच्या यांची शुगर यानंच आली ताब्यात. रोज अनशापोटी घ्यायचा, आक्का. माझ्यासमोर घ्या, म्हणजे मला समाधान."

आक्कांनी पेला घेतला. त्यातल्या रसाकडे बघितलं, मग पेल्यावरून माझ्याकडे बघितलं. लाडवाच्या त्या सकाळनंतर पहिल्यांदाच. निम्मा रस एका दमात प्यायल्या. तोंड जरासुद्धा वाकडं झालं नाही. मग पेला माझ्यापुढं धरला.

"हिला बी द्यावं लागतंय," त्या विहीणबाईंना म्हणाल्या. "हिच्यात बी हाय थोडी. घे."

मी घेतला.