भाडेकरूंचे कैवारी

वकिलीची पहिली सहा वर्षं मी ज्यांच्या हाताखाली काढली, ते सर हैदराबादेत भाडेकरूंचे कैवारी म्हणून ओळखले जायचे. सुलतान बाजारात ब्लाउज शिवणाऱ्या एका बाईंचं दुकान त्यांनी खटला लढवून वाचवलं. शेवटचा युक्तिवाद करताना त्यांचा आवाज असा काही भरून आला, की मी फाइलीआड डोळे पुसले. आज त्याची लाज वाटते.

मग सरांना लोकांची सेवा मोठ्या प्रमाणावर करावीशी वाटली. ते आमदार झाले. दोनदा पक्ष बदलला, दोन्ही वेळा तत्त्वासाठी. जुन्या भाडेकरूंचं संरक्षण काढून घेणारी दुरुस्ती सभागृहात आली, तेव्हा तिच्या बाजूने सर्वांत लांबलचक भाषण सरांचंच. मी न राहवून फोन केला.

"अगं, शहर वाढतंय," ते म्हणाले. "भावनेवर कायदे होत नाहीत."

पुढची निवडणूक हरल्यावर त्यांची सोय भाडे न्यायाधिकरणाच्या अध्यक्षपदी लागली. त्याच शिवणवाल्या बाईंच्या घरमालकाने नव्या कायद्याखाली दुसरा दावा लावला आणि तो नेमका सरांपुढे आला. आता बाईंची वकील मी होते. पहिल्याच तारखेला उभी राहिले.

"साहेब, या बाईंचे वकील पूर्वी आपणच होता. हे प्रकरण आपण ऐकू नये."

"फार जुनी गोष्ट आहे ती," सर हसले. "मी विसरलोसुद्धा."

ते मात्र खरं असावं. बाई समोर तासभर उभ्या होत्या, सरांनी एकदाही ओळख दाखवली नाही.

दुकान खाली करायचा हुकूम वाचताना ते हळहळले. हळहळायला त्यांना नेहमीच छान जमायचं. "बाई, काय करणार? कायद्यापुढे आमचे हात बांधलेले आहेत."

बाईंनी पदर सावरला. "बांधे किसने, साब? कानून तो आपीच बनाए ना?"

सरांनी घाईघाईने पुढचं प्रकरण पुकारायला लावलं.

आम्ही हायकोर्टात गेलो. एकेकाळच्या वकिलानेच निकाल दिला, एवढ्या कारणावर हुकूम रद्द झाला. पण तोवर दुकान पाडून तिथे मोबाइलचं शोरूम झालं होतं, आणि बाईंची शिलाई मशीनं सिकंदराबादेत मुलीच्या बाल्कनीत गेली होती. निकालाची प्रत मी त्यांच्या हातात दिली. त्यांनी ती न वाचताच घडी करून ठेवली आणि मला चहा पाजला.

गेल्या महिन्यात नामपल्लीत सरांचा सत्कार झाला. गौरव अंकासाठी माझ्याकडेही लेख मागितला. मी हेच सगळं लिहून पाठवलं. संपादकांचा फोन आला.

"मॅडम, फार सुंदर लिहिलंय. फक्त तेवढा तो खटला काढून टाकू या का?"

"मग सरांबद्दल लिहायला उरतं काय?" मी विचारलं.

अंक आला, तेव्हा माझ्या पानावर त्यांनी सरांचा फेट्यातला फोटो छापला होता, रंगीत, पानभर.