पापडीत अडकलेली राणी

माझ्याकडे तीनशे बारा राण्या आहेत. टपाल तिकिटांवरच्या. आपल्याकडच्या घोड्यावर बसलेल्या, विलायतेच्या, हॉलंडच्या, टोंगा नावाच्या बेटावरची एक. प्रत्येकीची लांबी, रुंदी आणि कडेच्या दात्यांची संख्या वहीत लिहिलेली आहे. बायको म्हणते, "घरातल्या एकीला कधी मोजलंत का?"

तीनशे तेरावी माझी नव्हती. भातसानगरजवळ राहणाऱ्या, धरणाच्या कचेरीतून निवृत्त झालेल्या एका काकांची होती. अर्ध्या आण्याचे निळे तिकीट, त्यावर विलायतेच्या जुन्या राणीचा मुखडा. दिसायला एकसारखी अशी तिकिटे दोन प्रकारची. आधीच्या छपाईचा कागद कोरा. नंतरच्या कागदात हत्तीच्या डोक्याची छाप, जी उजेडात किंवा ओल्यातच दिसते. काकांच्या तिकिटामागे पाकिटाचा कागद चिकटलेला होता. तो सोडवायचे धाडस त्यांना कधी झाले नाही, आणि आता हात थरथरतात. "किंमत सांगू नका," ते म्हणाले, "हत्ती आहे की नाही तेवढं सांगा. रविवारी घेऊन या." दुसऱ्याची वस्तू मी आजवर हरवलेली नाही. तसे मी त्यांना बोलूनही दाखवले.

गुरुवारी सकाळी ते तिकीट माझ्या अकरा तिकिटांबरोबर थंड पाण्यात सोडले. पाऊण तासात कागद सुटला. ओल्यात घाई करायची नाही, आधी वाळवायचे आणि मग तपासायचे, हा माझा नियम. गच्चीवर बायको तांदळाच्या पापड्या घालत होती आणि हातात काठी घेऊन कावळे राखत होती. फुकटची राखण आहे, असा विचार करून मी टाकीच्या सावलीत, बायकोच्या पापड्यांच्या प्लास्टिकला लागून, टीपकागदावर बारा तिकिटे मांडली आणि जेवायला खाली आलो.

परत गेलो तर अकरा. काकांची राणी गायब.

तीन दिवस शोधले. पन्हळ, कुंड्या, शेजारचा पत्रा, सगळे. रविवारी सकाळी बायको सहज म्हणाली, "तुमी जेवत होता ना, तेव्हा वारा सुटला होता. मी चष्मा खाली ठेवून शेवटची ओळ घातली. या खेपेला सगळ्याच पिठात निळा रंग टाकलेला, उरला होता म्हणून."

तिकीट उडून रिकाम्या प्लास्टिकवर पडले असणार, आणि हिने चमचाभर पीठ राणीवरच ओतले असणार. पापड्या एकूण एकशे एकतीस. घरातल्या एकाहत्तर मी एकेक करून खिडकीशी धरल्या. राणी नाही. उरलेल्या साठ शुक्रवारी ताई घेऊन गेली होती, मुरबाड तालुक्यात, धसईला. आज तिच्या मुलीला बघायला पाहुणे येणार होते.

फोन लावला.

"ताई, पापड्या तळू नको!"

"का रे? वहिनीनं इख घातलं का काय?"

"त्यात राणी आहे."

"कोण राणी? अरे, पाहुणे बसलेत, चाळीसेक तळून झाल्या. ठेव फोन."

बायकोला मागे बसवून किन्हवलीच्या रस्त्याला गाडी घातली. एक तास दहा मिनिटे. वाटेत ती तीनदा म्हणाली, "हळू," आणि दोनदा खो-खो हसली. दुसऱ्यांदा मलाही हसू आवरेना.

ताईच्या ओसरीवर पाच पाहुणे, समोर चहा आणि परातभर पापड्या. मी रामराम केला आणि परातीतली एक उचलून उजेडाला धरली. मग दुसरी.

"माझा भाऊ," ताई म्हणाली. "शहापूरला असतो. एरवी बरा असतो."

सगळे सांगणे भाग होते. मुलाच्या वडिलांनी तोंडात चाललेली पापडी थांबवली. "म्हणजे मी राणी खाल्ली काय?"

"तुमी किती खाल्ल्या?" मी विचारले.

"अहो!" बायकोने मला चिमटा काढला. पण आकडा लागणार होता. त्यांनी बोटांवर मोजून सांगितले, "सहा." मुलाने लाजून "चार" सांगितले, त्याच्या आईने "नऊ!" अशी दुरुस्ती केली. बाकीच्या तिघांनी मिळून सात. खाल्लेल्या बावीस, परातीतल्या अठरा, डब्यातल्या कच्च्या एकोणीस. एव्हाना पाहुणेही एकेक पापडी सूर्याला दाखवत होते.

"एकोणसाठ," मी म्हणालो. "एक कमी आहे."

चहाचा ट्रे हातात धरून उभी असलेली भाची म्हणाली, "मामा, एकीला मधेच चौकोनी डाग होता. बुरशी असंल म्हणून मी सकाळी कोंबड्यांना टाकली."

मी, बायको, ताई, भाची आणि मुलाचे वडील, असे पाच जण परसात धावलो. मुलगाही आला, म्हणजे सहा. तांबडी कोंबडी एक पापडी पायाखाली दाबून टोचत होती. कच्ची पापडी पत्र्यासारखी कडक, तिच्याने फुटत नव्हती. "हाड!" म्हणत भाचीने साडी खोचून झडप घातली आणि पापडी ओढून घेतली. कड चार ठिकाणी टोचलेली. मधे निळा चौकोन.

स्वयंपाकघरातल्या ओट्यावर ताट ठेवले, पाणी घातले, पापडी सोडली. अर्धा तास कोणी ओसरीवर गेले नाही. पीठ मऊ झाले, मग खिरीसारखे ढिले झाले, आणि राणी अलगद वर आली. दाते मोजले. सगळे शाबूत. मग माझा नियम मोडला. ओलेच तिकीट काळ्या कडाप्प्याच्या ओट्यावर पालथे ठेवले. मुलाच्या वडिलांनी मोबाइलची बॅटरी तिरपी धरली.

"हे कान," ते कुजबुजले. "ही सोंड. अहो, हत्ती हाय!"

स्वयंपाकघरात लग्न लागल्यासारखा गलका झाला. ताईने तर मला मिठीच मारली, तिला हत्तीचे काय ते अजूनही कळलेले नव्हते. मी काकांना फोन लावला आणि काही न लपवता सगळे क्रमाने सांगितले: वारा, पीठ, परात, कोंबडी. मला वाटले, आता संपले.

"कान दोन्ही दिसतात?" त्यांनी विचारले.

"दोन्ही."

मग त्यांचे हसू ऐकू आले. ते थांबेचना.

"वाळवून संध्याकाळी आणतो," मी म्हणालो.

"वाळवायचं नाव काढू नका!" काका ओरडले. "आहे तशी आणा. ओलीच आणा!"

ताईने एक स्टीलचा डबा धुऊन दिला. आत ओले फडके, त्यावर राणी, वर आणखी एक फडके. बायकोने तो दोन्ही हातांनी मांडीवर धरला आणि म्हणाली, "आता खड्डे मोजत चला."