जास्तीच्या शून्याचा सत्कार

आमच्या विभागाच्या दारावर ‘जोखीम व्यवस्थापन’ अशी पितळी पाटी आहे. दोन वर्षं मी त्या दारातून ये-जा केली. आता वाटतं, अख्ख्या नाशिकमध्ये जोखमीबद्दल सगळ्यात बेफिकीर माणसं त्या दाराच्या आतच बसली होती. शिक्षकांबद्दल असं लिहायची मला सवय नाही. सरांचा फोन आला तर माझे वडील उभं राहून बोलतात.

वडिलांचं देवळाली कॅम्पात शिलाईचं दुकान आहे. गिऱ्हाईक बहुतेक लष्करातलं. घरातून कॉलेजात गेलेली मी पहिलीच. एम.एस्सी.ला कम्प्युटेशनल फायनान्स घेतलं तेव्हा आईला सांगितलं होतं की गुंतवलेले पैसे बुडायची शक्यता किती, हे कम्प्युटरवर गणित मांडून आधीच काढता येतं.

“मग लोकांचे बुडतात कसे?” आई म्हणाली.

 याचं उत्तर मला वर्गात बसल्यावर हळूहळू मिळायला लागलं. आमचे विभागप्रमुख सर स्लाइड वाचून दाखवायचे, आणि प्रत्येक स्लाइडच्या कोपऱ्यात दुसऱ्याच कॉलेजचं बोधचिन्ह असायचं, पांढऱ्या चौकोनाखाली अर्धवट झाकलेलं. पूर्ण झाकायचेही कष्ट कोणी घेतले नव्हते.

दुसऱ्या वर्षी विभागाने शेअर खरेदी-विक्रीची स्पर्धा ठेवली. पैसे खोटे, भाव खरे, मुदत महिनाभर. नियम दोन: एका शेअरमध्ये दहा टक्क्यांहून जास्त रक्कम ठेवायची नाही, आणि उद्या जास्तीत जास्त किती बुडू शकतं हे रोज संध्याकाळी काढून शेवटी अहवाल द्यायचा. जो पहिला येईल त्याची मुंबईच्या एका कंपनीत उन्हाळी इंटर्नशिपसाठी शिफारस होणार होती. शिफारस एकच.

मला ती हवी होती. कॉलेजात नोकऱ्या घेऊन येणाऱ्या बाकीच्या कंपन्या मुलांना फोनवरून विमा विकायला नेत. जे शिकले ते वापरायला मिळेल असा दुसरा रस्ता मला दिसत नव्हता. वडिलांनाही ते कळलं असावं, कारण त्यांनी मला न विचारताच मुलाखतीसाठी ब्लेझर शिवला. हात गणवेशांना सरावलेला, त्यामुळे खांदे अधिकाऱ्यासारखे ताठ आले. मी तो एकदा वर्गात घालून गेले आणि तेव्हापासून मला सगळे ‘कॅप्टन’ म्हणू लागले.

महिनाभर मी लॅबमध्ये बसून प्रोग्रॅम लिहिला, रोज आकडा काढला, नियम पाळला. थोडासा नफा झाला. नंबर एकविसावा आला.

पहिला आला तो गंगापूर रोडचा एक मुलगा. वडिलांची मोटारींची शोरूम. तसा वाईट मुलगा नव्हता, कशाशीच त्याचं वाकडं नव्हतं. कॅन्टीनमध्ये त्याने स्वतःच हसत हसत सांगितलं, “मिसळ खाता खाता ऑर्डर टाकली आणि एक शून्य जास्त पडलं. जवळजवळ सगळे पैसे एकाच पंपाच्या कंपनीत गेले. मला दुसऱ्या दिवशी कळलं.”

“मग विकले का नाहीस?” मी विचारलं.

“वर जात होता ना, कॅप्टन.”

मी सरांकडे गेले. दारात बराच वेळ घुटमळले, मग आत जाऊन सांगितलं की नियम मोडला गेलाय. सरांनी मान वर न करता ऐकून घेतलं. नफा बघ, म्हणाले, कंपनीवाले नफाच बघतात. अहवालांचा गठ्ठा त्यांच्या टेबलाखाली होता. माझा सर्वांत वर होता, आणि त्याच्यावर टिफिन ठेवलेला होता.

निघताना त्यांनी मला थांबवलं. सत्कार समारंभात आभारप्रदर्शन मी करायचं. “तुझं मराठी चांगलं आहे. आमच्या मुलांना जमत नाही.” ‘आमच्या मुलांना’ हे दोन शब्द मी बरेच दिवस सोबत वागवले.

समारंभाला मी ब्लेझर घालून गेले. व्यासपीठावर त्या मुलाला शाल आणि नारळ दिला. मग त्याने ‘तरुणांनी जोखीम कशी हाताळावी’ या विषयावर भाषण केलं. ‘गट फीलिंग’, म्हणजे पोटातून येणारा आवाज ऐकावा, असं तो म्हणाला. पहिल्या रांगेतले प्राध्यापक मान डोलावत होते. आकड्यांच्या शास्त्रात पीएच.डी. केलेली माणसं पोटाच्या आवाजावर डोलत होती, आणि त्यांच्यातल्या एकीने तर ते लिहूनही घेतलं.

मग मी आभार मानायला उभी राहिले. प्राचार्य झाले, प्रायोजक झाले, चहावाले झाले. शेवटी मी म्हणाले, “एका शेअरमध्ये दहा टक्क्यांहून जास्त ठेवायचं नाही, असा या स्पर्धेचा नियम होता. तो ज्यांनी पाळला त्यांचेही मी आभार मानते.”

टाळ्या पडल्या. मी काय बोलले ते कोणी ऐकलंच नव्हतं. छान झालं, आटोपशीर, असं सर म्हणाले. फक्त तो मुलगा, खांद्यावरची शाल सावरत, जवळ येऊन खरोखरच्या कुतूहलाने म्हणाला, “नियम होता?”

पुढे उन्हाळ्यात मुंबईच्या घामात कोण राहील, म्हणून तो गेलाच नाही. सरांचा फोन आला, आभार छान मानलेस, तू जा. शिफारसपत्र आणायला गेले, तर त्यात त्यांनी ‘स्पर्धेत उज्ज्वल यश’ असं लिहिलं होतं. मी म्हटलं, सर, एकविसावा नंबर लिहा. त्यांनी जीभ टाळ्याला लावून आवाज काढला. नंबर कोणी विचारत नाही, म्हणाले. मी टेबलाखालून माझा अहवाल मागून घेतला. वरच्या पानावर टिफिनचं गोल तेलकट वर्तुळ होतं.

मुंबईच्या कंपनीत मुलाखत घेणाऱ्या बाईंनी पत्र बाजूला ठेवून अहवाल उघडला. त्या पानं उलटत होत्या. मी ब्लेझरची बटणं चाचपत होते. मी आपणहून नंबर सांगितला. त्यांनी नुसती मान हलवली. मग नियमांच्या पानावर बोट ठेवून त्यांनी एकच प्रश्न विचारला.

“हा दहा टक्क्यांचा नियम पाळला जातोय की नाही, हे कोण तपासत होतं?”

 पितळी पाटी डोळ्यांसमोर आली, आणि फोनवर उभं राहून बोलणारे वडीलही. काहीतरी अर्धवट झाकून सांगता आलं असतं, स्लाइडवरच्या त्या बोधचिन्हासारखं.

“कोणीच नाही, मॅडम,” मी म्हणाले.

त्यांनी अहवालाचं पुढचं पान उलटलं आणि त्या वाचायला लागल्या.