चिचोके टाकाची तपासनी

ट्रॅक्टर मागून येऊन राह्यला होता अन् माही पोरगी तलावाच्या पाळीवर मधोमध उभी! मी वरडली, ड्रायव्हरनं हॉर्न दाबूनच धरला, तरी ती पाठमोरीच. कानात मशीन होतं तिच्या! मी मासोळ्याचं टोपलं तिथीच फेकलं, पळत जाऊन तिले दंडाले धरून वढलं.

"काऊन बाई, पोरीले ऐकू येत नाई का वं?" ट्रॅक्टरवाला म्हने.

चूक माही होती.

महिन्याआधी चंद्रपूरच्या दवाखान्यात तपासनी झालती. मी तवा पयल्यांदा कॉम्प्युटर पाह्यला. चार वर्षाची पोरगी माह्या मांडीवर, हातात चिचोके. भोंग्यातून आवाज आला का एक चिचोका डब्यात टाकाचा. मशीनवाली बाई ते कॉम्प्युटरमधे भरे, अन् मंग वायर लावून त्याच हिशेबानं कानातलं मशीन कमी-जास्त करे. पन शेजारची काकू बोलली होती, पोरगी पुरी बहिरी निघाली तं मशीन देतच नाई. म्हून आवाज आला का मी हळूच तिच्या कमरेले बोट लावो. ती टाके चिचोका. बाई खूश, मी खूश. अन् मशीन बसलं माह्या कानाच्या हिशेबानं, पोरीले कमी पडे असं!

ट्रॅक्टरच्या दुसऱ्या दिवशी पोरीले घेऊन मूल गावावरून चंद्रपूरची पयली एस्टी धरली. मशीन वापस घेतलं तं? पन ट्रॅक्टर डोळ्यापुढून जाये ना. मशीनवाल्या बाईले सांगून टाकलं सारं.

बाई कपाळाले हात लावून हासली. "अवं, तपासनी तुही होती का पोरीची?"

"मशीन काढून घेता का मॅडम?"

"कोन काढते? जा, तिकडं कोपऱ्यात बस. हात मांडीखाली ठेव."

आवाज झाला. मले आला. पोरगी माह्याकडं पाहूनच राह्यली. दुसरा. तिसरा. मी हात मांडीखालीच दाबून धरले, हालवले नाई. मंग मोठा आवाज झाला अन् तिनं आपल्या मनानं चिचोका टाकला, टन्‌कन.

बाईनं माऊसनं कॉम्प्युटरवरची रेघ वर वढली, मशीन पुन्हा तिच्या कानात घातलं अन् मले खुणावलं. मी मागून पोरीले हाक मारली, "बाई गं!"

पोरगी वळली.

आता ती मागून हाक मारली का वळते, बोलाले पाह्यते. पन तुमीच सांगा, मशीन भेटते का नाई ह्या भेवात पोरगी मांडीवर असती, तं तुमचं बोट थांबलं असतं का?